कायबॅबच्या जंगलात दोन रात्री

अमेरिकेतल्या ग्रँड कॅन्यन नॅशनल पार्कच्या आत मुक्कामाला जागा मिळाली नाही, म्हणून ऑक्टोबरात आम्ही तिघं (मी, नवरा आणि आठ वर्षांची लेक) दक्षिण काठाबाहेरच्या कायबॅब नॅशनल फॉरेस्टमध्ये राहिलो. हे सरकारी जंगल. आखीव कॅम्पग्राउंड सोडून मोकळ्या रानात तंबू ठोकायला ना बुकिंग लागतं, ना पैसे. 30 दिवसांत 14 दिवस राहता येतं.

टुसायन गावाच्या दक्षिणेला फॉरेस्ट रोड 302 फुटतो. फिनिक्सहून निघायला उशीर झाला आणि आम्ही अंधारात पोहोचलो. ही मोठी चूक. हेडलाइटमध्ये सगळी झाडी सारखीच दिसते. दोन जागांवर आधीच तंबू होते, लेक रडकुंडीला आली. उजेड असताना पोहोचाच. वनखात्याचा मोटर व्हेइकल यूज मॅप फुकट मिळतो, तो घरीच डाउनलोड करा. त्यावर नसलेल्या वाटेवर गाडी घालायची नाही, कितीही ठळक चाकोरी दिसली तरी. पाऊस झाला असेल तर मातीच्या रस्त्यावर शिरूच नका.

पाणी कुठेच नाही. आम्ही 35 लिटर नेलं, तरी दुसऱ्या रात्री भांडी नुसती पुसून ठेवली. जनावरांसाठी बांधलेली तळी दिसतात, पण त्यांच्यापासून पाव मैल लांब राहा. तुम्ही काठावर बसलात तर एल्क (मोठी हरणं) पाण्याला येत नाहीत, आणि पाव मैलाच्या आत तंबू ठोकणं ॲरिझोनात कायद्यानं गुन्हा आहे.

शौचासाठी खुरपं न्या. वीतभर खोल खड्डा, वर माती, आणि कागद पिशवीत घालून परत. आमच्या जागेमागे लोकांनी टाकलेले कागद लेकीनं पाहिले आणि ती तिकडे जायलाच तयार होईना. मला फार वाईट वाटलं.

शेकोटीवर बंदी आहे का ते निघायच्या दिवशी पाहा. पेटवलीत तर पाणी ओता, ढवळा, राखेला हात लावून बघा. गरम लागली तर पुन्हा पाणी.

उंची जवळपास 7,000 फूट. पहाटे बाटलीतल्या पाण्यावर बर्फाची साय धरली होती. स्लीपिंग बॅगवर आईनं शिवलेली गोधडी होती म्हणून लेक झोपली.

दुसऱ्या दिवशी साडेपाचला निघालो. पार्कच्या गेटवर रांग नव्हती, सूर्योदय यावापाई पॉइंटवरून पाहिला. प्रवेशाची पावती 7 दिवस चालते, जपून ठेवा.