वाटपाचा हुकूमनामा झाला, ताबा कधी?

माझ्या आईच्या माहेरच्या शेतजमिनीच्या वाटपाच्या दाव्यात दिवाणी न्यायालयाने तिचा हिस्सा ठरवून दिला आहे. हा हिस्सा अजून कागदावर अपूर्णांकाच्या रूपातच आहे. कोणत्या गटातली, कोणत्या बाजूची जमीन तिची, हे आजही कोणी सांगू शकत नाही. वाटपाचे दावे पिढ्यान्‌पिढ्या चालतात, याबद्दल भाऊबंदकीला दोष दिला जातो. माझ्या मते निकालानंतरच्या टप्प्याकडे होणारे दुर्लक्ष हे त्याहून मोठे कारण आहे.

वाटपाच्या दाव्यात आधी प्राथमिक हुकूमनामा होतो आणि त्यात फक्त कोणाचा किती हिस्सा एवढेच ठरते. घराची प्रत्यक्ष विभागणी न्यायालयाने नेमलेल्या कोर्ट कमिशनरमार्फत होते, पण शेतसारा भरणाऱ्या शेतजमिनीचे प्रकरण दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते आणि तिथून तहसील व भूमी अभिलेख कार्यालयापर्यंत उतरते. खरा वाद इथे पेटतो, कारण वाटप सरस-निरस मानाने, म्हणजे जमिनीचा चांगला-वाईट कस पाहून, करायचे असते. आईच्या माहेरी रस्त्याला लागून काळी जमीन आणि विहीर आहे, तर ओढ्यापलीकडे मुरमाड माळ आहे. विहिरीकडची बाजू धाकट्या मामांच्या वहिवाटीत आहे आणि मोजणीनंतरच्या वाटप तक्त्यावर पहिली हरकत त्यांचीच आली. त्यातच शेतीचे फार लहान तुकडे पाडू न देणाऱ्या 1947 च्या तुकडेबंदी कायद्यामुळे प्रत्येक गटाचे हवे तेवढे भाग पाडता येत नाहीत.

या विलंबाचा आईला एका बाबतीत मात्र लाभ झाला, हे नोंदवले पाहिजे. महाराष्ट्राने 22 जून 1994 पासून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतः हक्क दिला, पण त्याआधी लग्न झालेल्या मुलींना वगळले आणि आई त्यांत होती. मुलींना असाच हक्क देणारी केंद्राची हिंदू वारसा कायद्यातील दुरुस्ती 9 सप्टेंबर 2005 रोजी लागू झाली. आजोबा त्यापूर्वीच वारले असल्याने प्राथमिक हुकूमनाम्यात तिच्या वाट्याला केवळ आजोबांच्या हिश्श्यातला भाग आला. पुढे 11 ऑगस्ट 2020 रोजी सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा प्रकरणात, वडील 2005 मध्ये हयात असण्याची अट नाही, असा निर्वाळा दिला. प्रत्यक्ष विभागणीचा अंतिम हुकूमनामा होईपर्यंत बदललेल्या कायद्यानुसार हिस्से सुधारता येतात, हे त्याच न्यायालयाने 2011 मध्येच सांगितलेले असल्यामुळे आईचा हिस्सा मामांच्या बरोबरीचा झाला. एरवी गावाकडे बहिणींची नावे सातबाऱ्याच्या ‘इतर अधिकार’ रकान्यात टाकून किंवा हक्कसोडपत्रावर सह्या घेऊन विषय मिटवला जातो. आईने सही केली नाही आणि त्यापायी माहेरचे येणेजाणे कमी झाले, याचे मला आजही वाईट वाटते.

प्राथमिक हुकूमनाम्यानंतर वेगळ्या अर्जाची वाट न पाहता न्यायालयांनी स्वतःहून अंतिम टप्प्याकडे जावे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये बजावले आहे. तरीही पाठपुरावा पक्षकारालाच करावा लागतो, कारण ज्याच्या हाती वहिवाट आहे त्याला घाई नसते. दरवर्षीचे पीक त्याच्या घरात येते, विहिरीचे पाणी तोच वापरतो, आणि तारीख पुढे गेली की आणखी एक हंगाम त्याच्या पदरात पडतो. म्हणून दावा लावतानाच हिश्श्याच्या मागणीबरोबर ताबा मिळेपर्यंतच्या उत्पन्नाच्या चौकशीचीही मागणी करावी, असे मी आता प्रत्येकाला आवर्जून सांगतो. आमच्या दाव्यात ती मागणी आहे, आणि हरकतींच्या सुनावणीला मामांचे वकील हजर राहू लागले ते त्या चौकशीचे काम सुरू झाल्यावरच.