सारणाची प्रकृती

गूळपोळी पौष्टिक करायला निघालेली माणसं पहिला हात गुळावर टाकतात. माझी भाची त्यांतलीच. तिच्या यादीत गुळाच्या जागी खजूर होता, डाळीच्या पिठाच्या जागी ओट्स आणि तुपाच्या जागी काहीच नाही. ऐन संक्रांतीत गुळावरच अशी संक्रांत आलेली मला बघवेना. मी म्हटलं, "अगं, मग सण कुठे राहिला?" तर म्हणाली, "मावशी, सण काय कॅलरीत असतो का?" मुद्दा बिनतोड होता, म्हणून तो सोडून मी खजुराकडे वळले.

खजुराशी माझं वैर नाही. त्यात तंतू आहेत, लाडू उत्तम होतात. पण साखर त्यातही कमी नाही; वजनाचा निम्म्याहून जास्त भाग साखरच. आणि खरी अडचण पोळपाटावर येते. खजुराचा गोळा चिवट. लाटणं फिरवलं की कणीक पुढे जाते आणि सारण मध्येच ठाण मांडून बसतं. किसलेला गूळ लाटण्याबरोबर कडेपर्यंत जातो, तव्यावर ऊब लागली की पाघळतो आणि पोळी उतरवली की पुन्हा आवळतो. पोळी खुसखुशीत होते ती या आवळण्याने. पाघळलेल्या गुळाला धरून ठेवायचं काम तिळकूट आणि खमंग भाजलेलं डाळीचं पीठ करतं. ते कमी पडलं की गूळ फुटून तव्यावर जळतो आणि पुढच्या पोळीला काळे डाग पडतात. मग ओलं फडकं घेऊन तवा पुसत बसा.

याचा अर्थ गूळ औषध आहे असा मुळीच नाही. आमचे एक काका मधुमेहाची गोळी घेऊन पानावर बसतात आणि "साखरेचं नको, गुळाचं चालेल" असं म्हणून दोन पोळ्या वाढून घेतात. गुळात थोडं लोह, थोडी खनिजं असतात. बाकी बहुतेक सगळी साखरच. गूळ काय आणि साखर काय, ग्रॅममागे साधारण चार कॅलरी. रक्तात उतरल्यावर ढेप कुठल्या गावची होती, हे कोणी विचारत नाही.

पौष्टिकपणा शोधायचाच तर तिळात शोधावा. तो बऱ्याचदा दुकानातच हरवतो. वाण्याकडे दोन पोती शेजारी शेजारी असतात. एकात पांढरेशुभ्र पॉलिशचे तीळ, दुसऱ्यात मातकट रंगाचे गावरान. हात आपोआप पांढऱ्यांकडे जातो. पण तिळातलं कॅल्शियम बरंचसं सालात. सालासकट शंभर ग्रॅम तिळात ते हजार मिलिग्रॅमच्या आसपास भरतं. साल काढलं की त्यातलं बहुतेक गेलं. सालातल्या ऑक्झलेटमुळे ते सगळंच्या सगळं अंगी लागत नाही, हेही खरं. तरी मी गावरानच घेते, कारण कॅल्शियमचं काहीही होवो, चव त्यांनाच जास्त असते. निवडायला मात्र ताप. बारीक खडे असतात, ते निवडायचे, तीळ धुवायचे आणि फडक्यावर पसरून वाळवायचे.

भाजताना जाड बुडाची कढई आणि मंद आच. आधी काहीच होत नाही, आणि नेमकं फोन घ्यायला वळावं तेव्हा तडतड सुरू होते. एखादा दाणा उडून ओट्यावर पडला की तो बोटांत चुरडून बघायचा. कोरडा भुगा झाला तर झालं. चपटा होऊन बोटाला चिकटला तर अजून कच्चा आहे. मिक्सरला लावायचे ते पूर्ण गार झाल्यावर, तेही थांबत थांबत. तिळात जवळजवळ निम्मं तेलच असतं. सलग फिरवले की ते सुटतं आणि भांड्यात तिळकुटाऐवजी गोळा मिळतो. खसखस आणि सुक्या खोबऱ्याचा कीस वेगवेगळे भाजायचे. वेलदोडा हवाच. जायफळ जरा हात राखून. जास्त पडलं की दुपारी सगळं घर झोपतं आणि भांडी माझ्या वाट्याला येतात.

गुळाच्या रंगाचाही मोह असाच. पिवळाधमक गूळ डोळ्यांत भरतो, पण तो रंग बऱ्याचदा रसात हायड्रोस नावाचं रसायन घालून आणलेला असतो. भेंडीच्या चिकाने मळी काढलेला, बिनरसायनाचा गूळ तांबूस, काळपट दिसतो. कोल्हापूरच्या गुळाला 2014 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. आमचा वाणी त्याच्याकडच्या प्रत्येक ढेपेला कोल्हापुरी म्हणतो, ते मानांकनाच्या आधीपासून. पोळ्यांना चिकीचा गूळ चालत नाही, साधा मऊच हवा. जानेवारीत गुऱ्हाळं चालू असतात, ताजा गूळ ओलसर असतो, म्हणून डाळीचं पीठ चमचाभर जास्त. वाटीचं माप इथे कामाला येत नाही. सारण मळून मुठीत दाबायचं. मूठ उघडल्यावर बोटांचे ठसे उमटलेला गोळा तसाच राहिला पाहिजे, आणि तो कणकेइतकाच मऊ हवा. कणीक मऊ आणि सारण घट्ट असलं की पोळी फाटते. उलट झालं तर सारण कडेने बाहेर डोकावतं. भाचीने हे सगळं ग्रॅममध्ये लिहून मागितलं. मी तिच्या मुठीत गोळा ठेवला.

ओट्सना मी सरळ नकार दिला. भाजलेल्या डाळीच्या पिठाचा खमंगपणा त्यांना येत नाही, आणि हरभऱ्याच्या डाळीत प्रथिनं काही कमी नाहीत. मैद्यावर मात्र तिचं ऐकलं. वरच्या पारीत आमच्याकडे थोडा मैदा पडायचा. आता नुसती कणीक, थोडं डाळीचं पीठ आणि कडकडीत तेलाचं मोहन. पोळ्या मुळीच बिघडल्या नाहीत.

तसं बघितलं तर आपल्याकडे प्रकृतीची काळजी आदल्या दिवशीच घेऊन ठेवली आहे. "न खाई भोगी तो सदा रोगी" म्हणतात, आणि भोगीचं ताट तसंच असतं. तीळ लावलेली बाजरीची भाकरी, वांगी, गाजर, पावटा, हरभरा अशी थंडीतली सगळी भाजी एकत्र, वर लोण्याचा गोळा. पण पौष्टिक गूळपोळीच्या मागे लागलेली मंडळी भोगीला बाहेरून पिझ्झा मागवतात, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. आमच्याच घरात.

शेवटी भाचीशी तह झाला तो आकारावर. सारण जसंच्या तसं, तूपही तसंच, फक्त पोळी पुरीएवढी. अर्धा किलो गुळात आईच्या हातच्या वीसेक पोळ्या व्हायच्या, म्हणजे एकेका पोळीत पंचवीस ग्रॅम गूळ आणि नुसत्या गुळाच्याच शंभर कॅलरी. तेवढ्याच गुळात आता चाळीस होतात. काम दुप्पट, पण लाटायला ती बसते. कातण्याने कडा कापायची हौसही तिलाच, आणि त्या कापलेल्या कडा तिथल्या तिथे तोंडात टाकायचीही. त्यांच्या कॅलरी ती धरत नाही. काकांना या बदलाचं कोणी काही सांगितलेलं नाही. ते अजून मोजून दोनच पोळ्या घेतात.