दकोंब्ल गप्प असतो तेव्हा

पॅरिसमध्ये मी कर्णबधिर प्रेक्षकांसाठी सबटायटल्स लिहिते. फ्रान्समध्ये त्यांचे रंग ठरलेले आहेत. बोलणारा पडद्यावर दिसत असेल तर अक्षरं पांढरी, दिसत नसेल तर पिवळी. इतर आवाज लाल, संगीत किरमिजी. या रंगांवरून माझं काम आजवर एकदाच अडलं, तेही गी दकोंब्ल या नटापाशी.

चित्रपट फ्रेंच दिग्दर्शक झाक तातीचा, 1949चा 'झूर द फेत'. त्यातला तातीचा पोस्टमन सगळ्यांना आठवतो. दकोंब्ल त्यात रॉजेर आहे, गावच्या जत्रेत लाकडी घोड्यांचा फिरता पाळणा घेऊन आलेला. चौकात त्याची आणि जानेत नावाच्या मुलीची नजरानजर होते. दोघं अवाक्षर बोलत नाहीत. पण जत्रेतल्या तंबूत वेस्टर्न चित्रपट चालू आहे, आणि त्यातले संवाद नेमके या दोघांच्या चेहऱ्यांवर येऊन बसतात.

नियमाप्रमाणे मी सगळे संवाद पिवळ्यात लिहिले. तपासायला बसलेली सहकारी जन्मापासून बहिरी आहे. ती हसली नाही. तिने टाइप केलं, "मी वाचतच राहिले. त्याचा चेहरा बघायचा राहून गेला."

पांढरं करून पाहिलं. मग तोच बोलतोय असं वाटायला लागलं, गंमतच गेली.

शेवटी मी आवाज बंद केला आणि नुसतं दकोंब्लकडे पाहिलं. सगळा बेत त्याच्या डोळ्यांत होता. हा माणूस 1930च्या दशकात ग्रुप ऑक्तोब्र या डाव्या नाटकमंडळीत होता. 'ले कात्र सां कू' या चित्रपटातला (1959) तापट मास्तर तोच. चेहरा हजारोंनी पाहिला, नाव फार थोड्यांना ठाऊक. 1964 साली तो गेला. मला हे फार लागतं. असे नट नसते तर तातीचं ते गाव रिकामं वाटलं असतं.

मग संवादांना कात्री लावली. आधी एक लाल ओळ, 'तंबूतल्या चित्रपटाचा आवाज'. पुढे पिवळ्यात जेमतेम दोन-तीन शब्द, तेही त्याची नजर वळायच्या आत संपणारे. एवढ्याशा दृश्यात अख्खी सकाळ गेली.

चौथ्या खेपेला सहकारी हसली. मग दृश्य मागे नेलं, पडद्याचा खालचा भाग तळहाताने झाकला आणि पुन्हा पाहिलं. तेव्हाही हसली.