तोंड डावीकडे

माझं काम वाळू निवडायचं. समुद्रतळावरून आलेली वाळू चाळायची, चिमूट चिमूट पेट्री डिशमध्ये पसरायची आणि मायक्रोस्कोपखाली ओल्या ब्रशच्या टोकाने एकेक बारका शंख उचलायचा. चिमटा शक्यतो नको, शंखाचं टोक मोडतं आणि टोक गेलं की ओळख पटवणं अवघड.

त्या दिवशी दुपारनंतर एक सुईसारखा निमुळता शंख आला, जेमतेम ४ मिमी, अंगावर मण्यांच्या ओळी गुंफलेल्या. असे मणीवाले येत असतात, सेरिथिऑप्सिडी कुळातले, म्हणून मी त्यांच्यातच टाकणार होते पण काहीतरी खटकलं. टोक वर, तोंड माझ्याकडे असा धरला आणि बघते तर तोंड डावीकडे!

बहुतेक सगळ्या गोगलगायींचा शंख असा धरला की तोंड उजवीकडे येतं. आणि डावा शंख कसाही फिरवा, उलटा करा, तो डावाच राहतो, उजवा दिसतो तो फक्त आरशात.

शेजारच्या खोलीत मॅडमना फोटो पाठवला. लगेच फोन, "अगं, फोटो फ्लिप झालाय, सेटिंग बघ." शंका रास्तच होती, सॉफ्टवेअरमध्ये ते एका क्लिकचं काम आहे. मग मी शंखाशेजारी हाताने नंबर लिहिलेली चिठ्ठी ठेवून परत फोटो काढला. अक्षरं सरळ, शंख डावा. दोन मिनिटांत मॅडम स्वतः मायक्रोस्कोपला डोळे लावून बसल्या होत्या आणि बराच वेळ काही बोलल्याच नाहीत, मग म्हणाल्या, "ट्रायफोरिडी."

या कुळातले जवळजवळ सगळेच डावे. लांब सोंड स्पंजमध्ये खुपसून खातात, सेरिथिऑप्सिडीवालेही स्पंजच खातात आणि दिसतातही तसेच, म्हणजे कोणी तो फोटो फ्लिप करून "दुरुस्त" केला असता तर फोटोवरून बघणाऱ्याने शंख सरळ दुसऱ्या कुळात टाकला असता. हे मनात आलं आणि मला खरंच धस्स झालं.

मग टोक मोठं करून बघितलं. पिल्लाने अगदी लहानपणी बांधलेले वेढे तिथे तसेच शाबूत होते, बारीक, घट्ट, चार-पाच तरी, आणि नंतरच्या वेढ्यांपेक्षा नक्षी वेगळी. वेढे इतके जास्त म्हणजे पिल्लू पाण्यात तरंगत, सूक्ष्म वनस्पती खात बराच काळ वाहत गेलं असणार. मोठेपणी स्पंजला चिकटून राहणाऱ्या जिवाचा हा सगळा प्रवास अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास मावलेला, मला नजर काढवेना.

जात मात्र ठरली नाही, शंख रिकामा होता, आत प्राणी असता तर त्याचे दातही बघता आले असते. संध्याकाळपर्यंत आम्ही दोघींनी उरलेली वाळू पालथी घातली, दुसरा मिळाला नाही. मॅडम म्हणाल्या असंच असतं, पॅसिफिकमधल्या न्यू कॅलेडोनिया बेटांवर एकाच भागाच्या सर्व्हेत २७३८ जातींचे मृदुकाय, म्हणजे शंख-शिंपल्यांच्या गटातले प्राणी, मिळाले (निकाल २००२ मध्ये छापून आले) आणि त्यातल्या साधारण २० टक्के जातींचा एकेकच नमुना हाती लागला होता.

शंख काचेच्या नळीत ठेवला, लाकडी खोक्यात नाही, लाकडातून सुटणाऱ्या आम्लाच्या वाफेने शंख खराब होतात. लेबलवर लिहिलं: ट्रायफोरिडी, १ नग, टोक शाबूत. आणि ती चिठ्ठीवाली फोटोची फाइल त्याच नंबरने सेव्ह केली.