हशाची जागा कोण राखतं?

'जाने भी दो यारो' या चित्रपटातला रंगमंचावरच्या महाभारताचा प्रसंग सुरू झाला की आमच्या घरी कपातला चहा गार होतो. द्रौपदी म्हणून आयुक्त डिमेलोचं प्रेत उभं, धृतराष्ट्र सारखा 'काय चाललंय' म्हणून विचारतोय, आणि त्याला कुणी दाद देत नाही. हसून हसून पोट दुखल्यावर नावं निघतात ती नसीरुद्दीन शाह, ओम पुरी, सतीश शाह यांची. फार तर दिग्दर्शक कुंदन शाहचं. रेणू सलुजाचं नाव कुणाच्या तोंडी येत नाही. १९८३ सालच्या या चित्रपटाची ती संकलक, म्हणजे एडिटर.

नाटकात हशाची जागा नट राखतो. प्रेक्षक हसायला लागले की पुढचं वाक्य ओठांवर थोपवतो आणि हशा ओसरता ओसरता सोडतो. पुण्याच्या प्रयोगात वेगळं, दादरच्या प्रयोगात वेगळं. सिनेमात ही सोय नाही. लोक कुठे हसतील, किती वेळ हसतील, याचा अंदाज संकलकानं कित्येक महिने आधी, बंद खोलीत बसून बांधायचा. तोवर तोच विनोद इतक्यांदा पाहून झालेला असतो की त्याला स्वतःला हसूच येत नसणार. मला तर या धंद्यातलं हेच सगळ्यात अवघड वाटतं.

रेणू पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकली. तेव्हा संगणक नव्हता. स्टीनबेक नावाच्या संकलनाच्या यंत्रावर रिळं पुढे-मागे फिरवायची, पेन्सिलीनं फिल्मवर खूण करायची, तिथे कापायचं आणि टेपनं जोडायचं. सेकंदाला २४ फ्रेम. त्यातल्या दोन-चार इकडच्या तिकडे झाल्या तरी पडद्यावरची थप्पड लागत नाही. कापलेले तुकडे टाकून द्यायचे नाहीत, नीट जपून ठेवायचे. कारण दिग्दर्शकाला दुसऱ्या दिवशी नेमका तोच तुकडा हवा असतो.

याच चित्रपटात अनुपम खेरनं 'डिस्को किलर' रंगवला होता. त्याला नाव मिळवून देणारा 'सारांश' अजून यायचा होता. चित्रपट फार लांबला आणि हा मारेकरी सगळाच्या सगळा कापला गेला. आज चित्रपट कितीही बारकाईनं पाहा, इथून कुणी उठून गेलंय अशी शंकासुद्धा येत नाही.

रेणूला राष्ट्रीय पुरस्कार ४ मिळाले: 'परिंदा', 'धारावी', 'सरदार', 'गॉडमदर'. 'परिंदा'तलं संकलन डोळ्यांत भरतंच, त्याबद्दल वाद नाही. पण मला विचाराल तर महाभारत त्याहून कठीण. हसणारा माणूस कट मोजत बसत नाही, त्यामुळे विनोदाचं संकलन पुरस्कारांच्या यादीत सहसा सापडत नाही. २००० साली ती गेली तेव्हा जेमतेम ४८ वर्षांची होती.

आणि हो, मालिकेत सासूबाईंचा चेहरा ढॅण्-ढॅण् करत तीनदा दिसला की आपण संकलकाला नावं ठेवतो. मीही ठेवतो. पण त्याला रोज २२-२३ मिनिटं भरून द्यायची असतात, आणि चित्रीकरण कधीकधी आलेलं असतं अठराच मिनिटांचं. मग काय करील बिचारा? सासूबाईच कामाला लावतो.