अमेरिकेतील परसदारची ग्रिल

अमेरिकेत उन्हाळा लागला की परसदारी ग्रिल, म्हणजे मांस वगैरे भाजण्याच्या जाळीच्या शेगड्या, पेटतात, आणि चार जुलैच्या, म्हणजे तिथल्या स्वातंत्र्यदिनाच्या, सुमारास हा उत्साह शिगेला पोचतो. १९५२ साली शिकागोच्या वेबर ब्रदर्स मेटल वर्क्समधील जॉर्ज स्टीफन यांनी, जहाजांना मार्ग दाखवणाऱ्या तरंगत्या खुणांसाठी तिथे घडवल्या जाणाऱ्या धातूच्या गोळ्यापासून झाकणाची गोल ग्रिल तयार केली. आज मात्र तिथल्या घरांत गॅसची ग्रिल अधिक आढळते, कारण ती चटकन पेटते. चव कोळशाचीच सरस, असे माझे ठाम मत आहे.

तिथे ग्रिलमुळे लागणाऱ्या आगींचे प्रमाण जुलैमध्ये सर्वाधिक असते, म्हणून हे कळकळीने लिहीत आहे. गॅसची ग्रिल पेटवताना झाकण उघडेच ठेवावे; बंद झाकणाखाली साठलेला गॅस ठिणगी पडताच भडकतो. हंगामाच्या आरंभी नळीवर साबणाचे पाणी लावून पाहावे, बुडबुडे आले तर गळती आहे. कोळशाची ग्रिल गॅरेजमध्ये कधीही पेटवू नये, कारण जळत्या कोळशातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइड या विषारी वायूला वास नसतो आणि दार उघडे असले तरी तो आत साठू शकतो. कोंबडीचे मांस मात्र रंगावरून शिजल्याचे ठरवू नये. थर्मामीटरने आतले तापमान ७४ अंश सेल्सिअस झाल्याची खात्री करावी.