डंबा, म्हातारी आणि एफआयआर

मेळघाटात भरारी पथकावर डॉक्टर आहे मी, म्हणजे कंत्राटी, गाडी असली तर भरारी, नसली तर पायपीट. डंबा हा प्रकार इकडे आल्या आल्याच कानावर पडतो. बाळाचं पोट फुगलं, पोटावर निळ्या शिरा दिसायला लागल्या की विळा तापवायचा आणि पोटाला चटके द्यायचे. जुने वण खूप बघितले होते, अगदी मोठ्या माणसांच्या पोटावरही. ताजे मात्र त्या दिवशी पहिल्यांदा बघितले.

भर पावसाळ्यातली सकाळ. आशाताईचा फोन आला, गावात रेंज नाही म्हणून बिचारी टेकडीवर चढून बोलत होती. "सर, लहानगं दूध पीत नाही, आणि डंबा दिलाय." नाल्याला पाणी होतं त्यामुळे गाडी अलीकडेच ठेवली आणि ड्रायव्हर, सिस्टर आणि मी सामान डोक्यावर घेऊन पलीकडे गेलो.

बाळ जेमतेम तीन आठवड्यांचं असेल. कापड बाजूला केलं तर बेंबीच्या भोवती नखाएवढे चटके, ओळीने, काहींवर खपली धरलेली आणि काही अजून ओले. मिनिटाला श्वास सत्तरच्या वर, एवढ्या बाळाचा साठच्या आत पाहिजे. हातपाय गार. न्यूमोनिया सरळ दिसत होता. गंमत बघा (गंमत कसली), अशा बाळाची छाती श्वास घेताना आत ओढली जाते आणि पोट वर येतं, घरच्यांना दिसतं ते पोट, मग इलाजही पोटावरच. म्हणजे लक्षण त्यांनी बरोबर पकडलं होतं, नेमकं त्यापुढे सांगणारं कोणी जवळ नव्हतं.

दवाखान्यात न्यायचं म्हटलं तर म्हातारी आडवी आली. "उधर लेके गये तो बच्चा वापस नहीं आता, डॉक्टरसाब." आधीचं एक नातवंड तिने असंच गमावलं होतं, फार उशिरा नेलं होतं त्याला. बाळाचा बाप कामाला बाहेरगावी, आई खाली मान घालून बसलेली. मी कायदा, गुन्हा वगैरे सांगायला लागलो तर म्हातारीने तोंडच फिरवलं. तेवढ्यात आशाताई उठली आणि भूमकालाच, म्हणजे गावातल्या मांत्रिक-वैदूलाच, घेऊन आली. मला आधी रागच आला, म्हटलं आता हा मंत्र म्हणत बसणार. त्याने बाळाकडे बघितलं, म्हातारीशी कोरकूत दोन-चार वाक्यं बोलला आणि स्वतःच आमच्याबरोबर नाला ओलांडून गाडीत पुढच्या सीटवर जाऊन बसला. बस, विषय संपला. मागे म्हातारी आणि आई, बाळ आईच्या उघड्या छातीशी लावून वरून लुगडं आणि चादर, ऑक्सिजन चालू, आणि त्या रस्त्यावर प्रत्येक खड्ड्याला माझा हात बाळाच्या छातीवर.

मोठ्या दवाखान्यात भरती झालं. चटके म्हटल्यावर पोलिसांना कळवावं लागतं, कळवलं. जादूटोणाविरोधी कायदा 2013 चा, डॉ. दाभोलकरांचा खून झाला तेव्हा कुठे अध्यादेश निघाला आणि वर्षाअखेरीस कायदा झाला. सहा महिने ते सात वर्षं शिक्षा आहे. मी या कायद्याच्या बाजूचा आहे, तान्ह्या बाळाला तापलेलं लोखंड लावणं याला परंपरा म्हणून सोडून देता येत नाही. पण जबाब घेताना म्हातारी जमादाराला म्हणाली, "रात को पेट फूला, गाडी किधर से लाती?" त्याने हे लिहून घेतलं की नाही माहीत नाही.

तिच्या प्रश्नाचं उत्तर कागदावर तर आहे की. आदिवासी भागातले माता-बालमृत्यू कमी करायची नवसंजीवन योजना 1995 पासून आहे, आमचं पथक त्यातलंच. गरोदर बाईला अमृत आहार, जन्मानंतर आशाच्या ठरलेल्या दिवशी घरभेटी, तिसऱ्या दिवसापासून बेचाळिसाव्यापर्यंत. आमच्या आशाताईने त्या भेटी केल्याही होत्या, रजिस्टरला वजन कमी म्हणून लाल पेनाने लिहिलेलं आहे, रेफर पण लिहिलंय. पुढे कोण नेणार? गावच्या सिस्टरची जागा रिकामी, अॅम्ब्युलन्स नाल्यापर्यंत आणि पूल मंजूर. मंजूर म्हणजे मंजूर, पूल नाही. म्हातारीवर केस झाली, पण रिकाम्या जागेवर कोणत्या कलमाखाली केस होते ते कोणी सांगावं. कायद्यात दक्षता अधिकारीसुद्धा आहे बरं का, पण गावाने त्याला बघितलं ते गुन्हा दाखल झाल्यावरच.

बाळ वाचलं, वजन वाढवून घरी गेलं. भूमकाने नंतर दोन बाळं चटक्यांशिवाय आमच्याकडे आणली, त्याची नोंद करायला रिपोर्टात कॉलमच नाही, मी शेऱ्यात लिहितो. दवाखान्यात राहिलेल्या आईला बुडीत मजुरी मिळायची असते, तिचा अर्ज बँक खात्याला आधार जोडलेलं नाही म्हणून परत आला. परवा आशाताईला घेऊन तो पुन्हा भरला, आणि त्याच दिवशी वरून मेसेज, अंधश्रद्धा निर्मूलन जनजागृतीचे फोटो आजच्या आज पाठवा.